सगळ्या तालुक्याचा कोट

पेंटर हा माणूस शहाणा होता की येडा, हे मी त्यांच्याकडे कामाला होते तेव्हा मला कळलं नाही, आणि आज मुरबाडच्या एमआयडीसीत पंख्याखाली बसून कंपनीने रीतसर विकत घेतलेलं सॉफ्टवेअर वापरते तरी कळत नाही. एखाद्या माणसाबद्दल काय ते एकदाचं ठरवावं आणि मोकळं व्हावं, तर तेही जमत नाही. रागावून आठवायला बसते नि हसू येतं. हसायला लागले की डोळखांबकडची ती बाई डोळ्यांपुढे उभी राहते, आणि मग काय करावं ते सुचत नाही.

शहापूरच्या बाजारात त्यांचं फ्लेक्सचं दुकान. वाढदिवस, शुभविवाह, भावपूर्ण श्रद्धांजली, एवढंच काम, आणि त्यावर दुकान मजेत चालायचं. त्याआधी आयुष्यभर ते ब्रशाने पाट्या रंगवायचे. ट्रकच्या मागे, शाळेच्या भिंतीवर, किराणा दुकानावर, जिथे बघाल तिथे त्यांचं अक्षर. मग फ्लेक्स आला, ब्रश डब्यात वाळून गेले, कॉम्प्युटर आला, पण नाव पेंटरच राहिलं. त्यांची बायकोसुद्धा मला फोन करून विचारायची, "पेंटर जेवले का गो?"

अंगात अर्ध्या बाह्यांचा पांढरा सदरा, खिशात दोन पेनं, आणि गळ्यात काळा दोरा. दोऱ्याला ताईत नाही, पेनड्राइव्ह. त्या पेनड्राइव्हमध्ये आमचं डिझाइनचं सॉफ्टवेअर. क्रॅक केलेलं, म्हणजे कुणीतरी कुलूप फोडून वाटलेलं. कल्याणच्या कुठल्याशा पोराने ते त्यांना दिलं होतं. विकत घ्यायची गोष्ट काढली की पेंटर खवळायचे.

"क कुणी काढला?" मला विचारायचे.

"मला काय माहीत, काका."

"कोणालाच म्हाईत नाय. मग क काढायच्या यंत्राचं भाडं मी कोणाला देऊ? अक्षरं काय कोणाच्या बापाची हायत?"

मी किन्हवलीकडून जीपने लोंबकळत यायची, पहिलीच नोकरी. त्यांचं म्हणणं चूक आहे हे मला ठाऊक होतं, पण कुठे चूक आहे ते शोधेपर्यंत ते चहा सांगून मोकळे व्हायचे.

सॉफ्टवेअर उघडायचा त्यांचा विधी होता. आधी नेटची वायर उपटायची आणि गणपतीच्या फोटोशेजारच्या खिळ्याला अडकवायची. का, तर "ह्याला नेट दिसलं का हे आपल्या मालकाला सांगतं, मी हितं शापूरला हाय म्हणून." मग अँटिव्हायरस बंद. मग नमस्कार. मग सॉफ्टवेअर. तेवढ्यात कुणीतरी व्हॉट्सअॅपवर लग्नाचा मजकूर पाठवायचा, की वायर परत आत. डिझाइन करायचं, की वायर बाहेर. दिवसभर आमचं हेच. घाईच्या दिवसांत वायर आतच राहून जायची आणि पेंटर नुसता नमस्कार जास्त वेळ करायचे.

अँटिव्हायरस कायमचा बंद ठेवायचा ही त्या कल्याणच्या पोराची अट होती. मला ते खटकायचं. एकदा म्हटलं, "काका, चोर दाराशी येऊन म्हणाला की कुत्रा बांधून ठेवा, तर तुम्ही बांधाल?"

"चोर असं सांगत नाय गो," पेंटर म्हणाले. "असं सांगतो तो पाव्हणा."

आता हसायचं की कपाळावर हात मारायचा? मी दोन्ही केलं.

पुढे पुढे मशीन विचित्र वागायला लागलं. काम काही नाही, पडदा काळा, आणि आतला पंखा मात्र घूं घूं करून जीव टाकतोय. पेंटरांना वाटलं, बिचाऱ्याला धाप लागते. त्यांनी माझ्याकडचा टेबलफॅन उचलून मशीनकडे फिरवला आणि मी घामाघूम. आसनगावचा एक कॉम्प्युटर दुरुस्तीवाला मधूनमधून यायचा. त्याने कान लावून ऐकलं आणि म्हणाला, "पेंटर, तुमच्या मशीनवर दुसरंच कुणीतरी आपलं काम काढून घेतंय. त्या क्रॅकबरोबर काहीतरी आत शिरलंय. सगळं पुसून नवीन टाका."

"म्हंजे आपलं मशीन लष्कराच्या भाकऱ्या भाजतंय?"

"हां, तसंच."

"भाजू दे. चूल पेटलेलीच हाय."

दुरुस्तीवाल्याने माझ्याकडे बघितलं, मी त्याच्याकडे. जाता जाता तो एवढंच बोलला, की निदान फायलींची एक प्रत वेगळ्या डिस्कवर काढून ती कपाटात ठेवा, मशीनला लावून ठेवू नका. पेंटरांनी खरंच डिस्क आणली. मला इतका आनंद झाला! सगळे फोटो तिच्यावर उतरवले. आणि मग दसरा आला. दसऱ्याला आमच्याकडे सगळ्या यंत्रांची पूजा. पेंटरांनी कॉम्प्युटरला हळदकुंकू वाहिलं, डिस्कला वाहिलं, झेंडूची माळ घातली, आणि लाल नाडा घेऊन डिस्क कॉम्प्युटरलाच बांधून टाकली. वायरसकट.

"काका, ती सोडा. वेगळी ठेवायची असते."

"पूजेत बांधलेली जोडी सोडायची? तुझ्या गावात अशी रीत हाय काय?"

नाही, अशी रीत आमच्या गावात नव्हती. डिस्क तशीच राहिली. झेंडू वाळला, कुंकू उडालं, नाडा राहिला.

आता कोटाची गोष्ट सांगते. श्रद्धांजलीचा फ्लेक्स करायला लोक फोटो आणायचे ते कसले? लग्नातल्या घोळक्यातलं एक डोकं, नाहीतर कुठल्या तरी कार्डावरचा अंगठ्याएवढा चेहरा. पेंटर तो चेहरा कापून घ्यायचे, मोठा करायचे, आणि खाली कोट लावायचे. राखाडी कोट, लाल टाय. एकच. कुठून मिळवला होता देव जाणे. भातशेतीवाला गेला, कोट. टमटमवाला गेला, कोट. जन्मभर लंगोटीवर रानात फिरलेले आजोबा गेले, त्यांनाही कोट. शहापूर तालुक्यातला मेलेला प्रत्येक पुरुष तोच एक कोट घालून वर गेला. मी चेष्टा केली की म्हणायचे, "जिता असताना कोणी दिला नाय. आपण देऊ."

हे ते मनापासून म्हणायचे. म्हणून तर राग धरता यायचा नाही.

आणि एक दिवस ती बाई आली. डोळखांबच्या पुढे डोंगरात एक पाडा आहे, तिथली. तिचा नवरा वीटभट्टीवर गेला होता तिकडेच वारला. पुतण्याने येऊन फ्लेक्स सांगितला, आम्ही छापला, आणि कार्याच्या आदल्या दिवशी ती स्वतः तो न्यायला आली. पेंटरांनी कौतुकाने उलगडून दाखवला. तिने बघितलं आणि पदर तोंडाला लावला.

"हा माजा माणूस नाय," ती म्हणाली. "हा कोण तरी सायेब हाय. त्याचा सदरा कुठं? गळ्यातला दोरा कुठं?"

पेंटरांचा चेहरा पडला. तसा पडलेला मी तोवर कधी बघितला नव्हता. दुसरा छापायला वेळ नव्हता, कापडही संपलेलं. ती कोटवालाच फ्लेक्स गुंडाळून घेऊन निघाली. पेंटर तिच्यामागे रस्त्यापर्यंत गेले.

"वैनी, थांबा. पोरगी हाय ना तुमची? तिच्या लग्नाला बाप सदऱ्यात उभा करीन मांडवाच्या दारात. माझा शब्द."

तिने मान हलवली आणि गेली. त्या दिवसापासून पेंटरांना वेडच लागलं. मूळ फोटोवरून त्यांनी तो माणूस पुन्हा घडवायला घेतला. सदऱ्याची चुणी, गालावरचा खड्डा, दोरा. काम झालं तरी झालं म्हणायचे नाहीत. "काढून द्या ना त्यांना एक प्रत," मी म्हणायची. "डोळ्यात जीव नाय आला अजून," हे उत्तर. मूळ फोटो बाईला परत गेला होता. सदऱ्यातला माणूस तेवढा आमच्या मशीनमध्ये, आणि नाड्याने बांधलेल्या डिस्कवर.

मग ती सकाळ. मी शटर उघडलं, मशीन चालू केलं, आणि पडद्यावरची सगळी चित्रं पांढरी. प्रत्येक फायलीच्या नावाला कसलंसं लांबलचक शेपूट. एकही उघडेना. मध्ये इंग्रजीत एक चिठ्ठी. पेंटर आले, म्हणाले वाच. मी वाचलं: तुमच्या सगळ्या फायलींना आम्ही कुलूप घातलंय, किल्ली हवी असेल तर पैसे पाठवा.

"कोण हायत हे?"

"माहीत नाही."

"आपल्याला ओळखतात?"

"नाही, काका."

"मग आपल्या मेलेल्या माणसांचे फोटो ह्यांना कशाला पायजेत?"

"त्यांना नकोच आहेत. आपल्याला हवेत, म्हणून त्यांनी कुलूप घातलं."

हे त्यांना काही केल्या समजेना. खरं सांगायचं तर बोलले मी, पण मलाही नीट समजलं नव्हतं. डिस्क उघडून बघितली. ती मशीनलाच जोडलेली, तिच्यावरही तेच शेपूट. आसनगावचा दुरुस्तीवाला धावत आला, नाड्याकडे बघितलं आणि खुर्ची ओढून बसला. पैसे पाठवू नका, पाठवूनही किल्ली मिळेल याची हमी नाही, पोलिसांत तक्रार द्या, असं म्हणाला. पेंटर तक्रार द्यायला निघाले आणि अर्ध्या रस्त्यातून परत आले.

"काय झालं?"

"इचारतील ना, कुठलं सॉफ्टवेअर होतं. काय सांगू? चोरीचा माल चोरीला गेला?"

चोरावर मोर म्हणतात ते असं. पण त्यांनी हार मानली नाही. चिठ्ठीत त्या लोकांचा पत्ता होता, त्यावर त्यांनी चक्क मराठीत मेल लिहिली, माझ्या मोबाइलवरून. "साहेब, बाकीचं सगळं ठेवा. एक फोटो सोडा. पोरीचं लग्न हाय." उत्तर आलं नाही. ते दर थोड्या वेळाने मला विचारायचे, "आलं काय गो?" मला त्यांचा इतका राग येत होता, आणि त्याच वेळी रडूही. कुत्रा ह्यांनीच बांधला, दार ह्यांनीच उघडलं, डिस्क ह्यांनीच बांधून ठेवली. आणि आता लहान पोरासारखं विचारतायत, आलं काय.

कारण लग्न खरंच ठरलं होतं. बाईचा निरोप आला: पोरीची हळद ह्या महिन्यात, फ्लेक्स तयार ठेवा, सदऱ्यातला.

"त्यांच्याकडचा मूळ फोटो आणू," मी म्हटलं. पेंटरांच्या तोंडावर जरा रंग आला. मला स्कूटरवर मागे बसवलं आणि आम्ही डोळखांबच्या रस्त्याला लागलो. वाटेत पेंटर एकदम गाडी हळू करायचे आणि बोट दाखवायचे. पेंढ्याच्या उडवीवर ताडपत्री म्हणून एक श्रद्धांजली. "आपली." टमटमच्या टपावर कुणाचा तरी वाढदिवस. "आपला." एका घराच्या पडवीला वाऱ्याला आडोसा म्हणून अख्खा शुभविवाह. फ्लेक्सचं काम झालं की आमच्याकडे ते फेकत नाहीत, पाऊसपाण्याला वापरतात. मी रोज जीपमधून बघायची, पण कधी डोक्यात काही आलं नव्हतं. त्या दिवशीही आलं नाही.

पाड्यावर पोचलो. बाई अंगणात नाचणी पाखडत होती. पेंटरांनी मूळ फोटो मागितला. ती आत गेली, पत्र्याची पेटी उघडण्याचा आवाज आला, आणि ती रिकाम्या हाताने बाहेर आली.

"वाळवीने खाल्ला. तुमाला दिलेला तोच होता. का? तुमच्याकडं हाय ना?"

पेंटरांनी मान खाली घातली. मी म्हटलं, आता मीच सांगते. पण त्यांनी हात वर केला.

"नाय," ते म्हणाले. "माझ्याकडं नाय राहिला, वैनी. माझ्या मशीनमधी चोर शिरले. मीच आत घेतले."

"फोटोचे चोर?" बाईने विचारलं. "गरिबाचा फोटो नेऊन काय करतील?" पेंटरांनीही हेच विचारलं होतं. तिने अंगणातलं सूप बाजूला सारलं आणि बसली. पोरगी दारात उभी होती. "म्हंजे बाबा नाय लागणार दारात?" एवढंच बोलली.

मी पेंटरांकडे बघितलं तर ते जागेवर नव्हते. अंगणाच्या कडेला शेळ्यांचा लहानसा गोठा होता, कुडाचा, वर फ्लेक्स अंथरलेला, पांढरी बाजू आभाळाकडे. पेंटर त्या पांढऱ्या बाजूकडे टक लावून उभे. उन्हामुळे आतली छपाई अंधुक दिसत होती, उलटी. आणि तो भला माणूस गुडघ्यांवर बसला आणि सरळ शेळ्यांत घुसला.

"अवो, शेण हाय तिथं!" बाई ओरडली.

मी वाकून आत बघितलं. पेंटर शेणात उताणे पडले होते. वर, छपरातून, कोट घातलेला माणूस शेळ्यांवर नजर ठेवून होता. रंग जसेच्या तसे. ऊन लागलंच नव्हतं त्याला.

"आत तोंड करून लावला," बाई मागून म्हणाली, जराशी शरमून. "भायेर ठेवला का येणारेजाणारे इचारतात, हा सायेब कोण. म्हटलं कोट घातलाय तर शेळ्या तरी राखील."

"मोबाइल दे!" आतून पेंटर ओरडले. "लवकर! ही शेळी माझी चप्पल खाते!"

चेहरा मिळाला. पण हनुवटीच्या खाली लगेच कोट आणि टाय, आणि शब्द सदऱ्याचा. दुकानातलं मशीन दुरुस्तीवाल्याने पुसून कोरं केलं होतं. पेंटरांनी सवयीने गळ्यातला पेनड्राइव्ह काढला आणि मशीनला लावायला वाकले. मी हात धरला.

"काका, हा लावलात तर मी आत्ताच्या आत्ता घरी जाईन."

"मग काम कशात करू? हवेत?"

मी त्यांना एक फुकट मिळणारं सॉफ्टवेअर दाखवलं, सरळ रस्त्याने मिळणारं, बनवणाऱ्यांनीच सगळ्यांना वापरायला दिलेलं. पेंटरांनी संशयाने बघितलं. "फुकट? का? ह्यांच्या पोटात काय तरी काळंबेरं असणार."

"आणि ते चोरीचं चाललं?"

"चोरीचं म्हंजे कोणाला तरी त्याची किंमत होती गो. फुकट वाटतात त्याचा काय भरवसा?"

मी डोळे मिटले आणि मनात काहीतरी म्हटलं, ते इथे लिहीत नाही.

चेहरा मी स्वच्छ केला. सदरा कुठून आणायचा? पेंटर उठले, भिंतीला पाठ लावून उभे राहिले आणि म्हणाले, "काढ माझा." मी म्हटलं, पेनं काढा. काढली. पेनड्राइव्ह काढा. नाही काढला. "तो नाय निघत अंगावरनं." शेवटी सदऱ्याच्या आत सरकवला आणि मी फोटो घेतला. त्या माणसाचं डोकं पेंटरांच्या खांद्यावर बसवलं. खांदे जरा रुंद होते, पण मान बरोबर बसली. पेंटर पडद्याजवळ वाकून बराच वेळ बघत होते. "डोळ्यात आला बघ जीव," म्हणाले. मी डोळ्यांना हातही लावला नव्हता.

हळदीच्या दिवशी आम्ही फ्लेक्स घेऊन गेलो. मांडवाच्या दारात बांधला. मला धाकधूक. तो सदरा सगळ्या शहापूरने बघितलेला, कुणी म्हणालं हे तर पेंटर, तर? बाया गाणं म्हणत होत्या, त्या थांबल्या. बाई हळदीच्या हातांनी पुढे आली. तिने चेहरा बघितला, मग खांदे बघितले, मग जवळ जाऊन फ्लेक्सला हात लावला. गळ्यापाशी.

"दोरा हाय गो," ती पोरीला म्हणाली. "तुझ्या बाबाचा दोरा. बघ, तसाच." मग पेंटरांकडे वळली. "सदरा तुमचा हाय, वळखला मी. पण माणूस माजा हाय."

पोरगी हळदीच्या अंगाने बापासमोर उभी राहिली आणि हसली, आणि मग दोघी मायलेकी मोकळ्या रडल्या. मीही रडले, लपवायचं कशाला?

पेंटरांचा हात मात्र आपल्या गळ्याकडे गेला. ते मांडवाच्या मागे गेले, जिथे मोठ्या चुलीवर भात शिजत होता. मी बघत होते. त्यांनी गळ्यातला पेनड्राइव्ह दोऱ्यातून सोडवला, उलटापालटा करून बघितला आणि जाळात टाकला. प्लॅस्टिकचा घाण वास सुटला.

"कोण काय टाकतो रे चुलीत!" भाताशी उभा असलेला माणूस ओरडला.

पेंटर "नाय, काय नाय," म्हणत बाजूला झाले. आपली चूक उमगली होती म्हणून टाकला, की बाईने ओळखलेला दोरा खोटा पडू नये म्हणून, मी विचारलं नाही, आणि आता विचारायला ते नाहीत. त्या दिवशी ते पंगतीत माझ्या शेजारी बसले, भात दोनदा मागून घेतला. गळ्यात नुसता दोरा होता.